हिप फ्रॅक्चरनंतरचा फॉलो-अप : कोडला ए, डी की के? आणि एम८० नक्की कधी?

चार्टवाली

अमेरिकन ऑर्थो चार्ट कोड करणाऱ्या, म्हणजे हाडांच्या पेशंटच्या नोंदी वाचून आयसीडी-१०-सीएम या यादीतले निदानाचे कोड लावणाऱ्या सगळ्यांना विचारायचं आहे. कोडच्या शेवटचं, सातवं कॅरेक्टर उपचाराचा टप्पा सांगतं : ए म्हणजे उपचार चालू, डी म्हणजे हाड भरून येतंय, के म्हणजे जुळलंच नाही. एस७२ हा दुखापतीनं मोडलेल्या मांडीच्या हाडाचा गट, एम८० ऑस्टिओपोरोसिसमुळे, म्हणजे हाडं ठिसूळ होऊन, झालेल्या फ्रॅक्चरचा. हिप फ्रॅक्चरच्या फॉलो-अपवर आमच्या टीममध्ये एकमत होत नाही. तीन नमुने देते. वयं आणि तपशील बदललेले आहेत, कुणाची ओळख पटेल असं काही ठेवलेलं नाही.

पहिला. ७८ वर्षांच्या बाई. बाथरूममधून बाहेर येताना पाय घसरून पडल्या. उजव्या बाजूचं इंटरट्रोकँटेरिक (मांडीच्या हाडाच्या मानेखालचं) फ्रॅक्चर, इंट्रामेड्युलरी नेल (हाडाच्या पोकळीत बसणारी सळई) टाकला. आता सहा आठवडे झालेत. ऑपरेशन केलेले सर्जन रजेवर, म्हणून त्याच ग्रुपमधल्या दुसऱ्या सर्जननी त्यांना पहिल्यांदाच पाहिलंय. नोटमध्ये आहे ते असं : जखम कोरडी, वॉकरवर चालतात, मांडीत थोडं दुखतं. एक्स-रेत नेल आणि लॅग स्क्रू (नेलमधून हाडाच्या गोल डोक्यात जाणारा स्क्रू) जागेवर, कॅलस (नवं भरून येणारं हाड) दिसू लागलाय, फ्रॅक्चरची रेष अजून पूर्ण पुसलेली नाही. झेपेल तसं वजन टाकत राहा, सहा आठवड्यांनी परत या. असेसमेंटमध्ये एकच ओळ : 'उजवं हिप फ्रॅक्चर, नेलिंगनंतर, प्रगती ठीक.' खाली प्रॉब्लेम लिस्टमध्ये ऑस्टिओपोरोसिस, औषधांत त्यावरची गोळी अलेंड्रोनेट.

यावर आमच्याकडे चार उत्तरं आली. एस७२.१४१ए, कारण या डॉक्टरांची ही पहिलीच भेट. एस७२.१४१डी. झेड४७.८९, कारण हा आफ्टरकेअर (उपचारानंतरची काळजी). आणि एम८०.०५१डी.

दुसरा. ७१ वर्षांचे गृहस्थ, शिडीवरून पडले. डाव्या फिमोरल नेकचं (मांडीच्या हाडाच्या मानेचं) फ्रॅक्चर, टोटल हिप रिप्लेसमेंट. तीन आठवड्यांनी आलेत. हाडाचा तुटलेला भाग काढूनच टाकलाय, मग एस७२ कसा लावायचा, सांधा बदलल्यानंतरच्या आफ्टरकेअरचा झेड४७.१ का नको, असा एकीचा मुद्दा आहे.

तिसरा. फिमोरल नेकला स्क्रू टाकलेले, सात महिने झाले, जांघेत दुखतंय. सीटी करून डॉक्टरांनी स्पष्ट 'नॉनयुनियन' (हाड जुळलंच नाही) लिहिलंय आणि आता रिप्लेसमेंट ठरवलीय. ऑपरेशन पुन्हा होणार म्हणजे अ‍ॅक्टिव्ह ट्रीटमेंट, म्हणजे ए, असं एकाचं म्हणणं. दुसरा के म्हणतोय.

जाणकारांनी कारणासकट सांगा. नुसता कोड नको, टीमला पटवायचं आहे.

जुना_ऑडिटर

ताई, तिन्ही चार्ट चांगले निवडलेत. एकेक घेतो.

ए लावायचा की डी, हे डॉक्टर नवा की जुना यावर ठरत नाही. पेशंटवर अ‍ॅक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे का, एवढंच बघायचं. गाइडलाइन्सच्या एकोणिसाव्या चॅप्टरच्या भागात हे अगदी याच शब्दांत सांगितलंय : उपचारांदरम्यान डॉक्टर बदलू शकतो, पण सातवं कॅरेक्टर त्यावर अवलंबून नाही. इमर्जन्सीत तपासलं तेव्हा ए, ऑर्थोनं वॉर्डात येऊन पाहिलं तेव्हा ए, ऑपरेशन झालं तेव्हाही ए. तिघं वेगळे डॉक्टर, तिघांचाही ए. ऑपरेशन झालं, आता हाड भरून यायची वाट बघणं चालू आहे, की तिथून पुढे डी. मग बघणारा सर्जन असो, त्याचा पार्टनर असो, फॅमिली फिजिशियन असो की फिजिओथेरपिस्ट. नर्सिंग फॅसिलिटीत हलवलं तरी डी. तुमच्या पहिल्या चार्टमध्ये ए बसत नाही.

फॉलो-अपला सतत ए जात राहिला तर त्या पेशंटच्या रेकॉर्डवर दर भेटीला हाड नव्यानं मोडल्यासारखं दिसतं. रिस्क अ‍ॅडजस्टमेंटच्या (पेशंटच्या आजारांप्रमाणे विमा कंपनीची रक्कम ठरवण्याच्या) ऑडिटमध्ये हे पहिल्यांदा पकडलं जातं.

आता झेड४७.८९. ही सवय आयसीडी-९ या जुन्या यादीतून आली आहे. १ ऑक्टोबर २०१५ च्या आधी भरून येणाऱ्या हिप फ्रॅक्चरला व्ही५४.१३ लावायचो आणि पॅथॉलॉजिकल (आजारानं कमकुवत झालेलं हाड मोडलेलं) असेल तर व्ही५४.२३. तेव्हा ८२० ची मालिका फक्त ताज्या फ्रॅक्चरसाठी होती. आयसीडी-१०-सीएममध्ये ते सगळं सातव्या कॅरेक्टरमध्ये गेलं. दुखापतीच्या आफ्टरकेअरला झेड कोड लावायचा नाही, दुखापतीचाच कोड योग्य सातव्या कॅरेक्टरसह लावायचा, हा नियम आहे. झेड४७ खालची एक्सक्लूड्स१ ची (हे इथे कोड करू नका, अशी) टीप उघडून टीमला दाखवा : भरून येणाऱ्या फ्रॅक्चरचा आफ्टरकेअर फ्रॅक्चरच्या कोडला डी लावून. वाद तिथेच मिटतो.

दुसऱ्या चार्टलाही हेच लागू. रिप्लेसमेंट कशासाठी झाली ते बघायचं. झिजलेल्या सांध्यासाठी झाली असती तर झेड४७.१ बरोबर होता, कारण तो आजार सांध्याबरोबर निघून गेला. इथे कारण फ्रॅक्चर आहे, म्हणजे दुखापत. नोटमध्ये नेकचा नेमका भाग दिला नसेल तर एस७२.००२डी, आणि सोबत डाव्या कृत्रिम सांध्यासाठी झेड९६.६४२. तुटलेलं डोकं काढून टाकलं म्हणून दुखापतीतून सावरणं थांबत नाही.

तिसऱ्याला के. नॉनयुनियन आणि मालयुनियन (हाड वाकडं जुळणं) या फ्रॅक्चरच्या गुंतागुंती, आणि त्यांच्यावरचे उपचार के, एम, एन किंवा पी, क्यू, आर खालीच दाखवायचे, हे गाइडलाइन्समध्ये वेगळं सांगितलंय. ऑपरेशन करताय म्हणून ए होत नाही. अपवाद एकच : पेशंटनं उपचारच उशिरा घेतले, फ्रॅक्चर किंवा नॉनयुनियन घेऊन आता पहिल्यांदा आला, तर ए. तुमच्या पेशंटला आधी स्क्रू टाकलेले आहेत, तो इथे येत नाही.

पहिल्या चार्टचा एस७२ की एम८० हा खरा कठीण प्रश्न. जेवून आल्यावर लिहितो.

नवशिकी_सीपीसी

वाचतेय. एक शंका. के, एम, एन यांत फरक काय? आमच्या ट्रेनरनी 'क्लोज्डला के' एवढंच सांगितलं.

बिलिंगबुवा

बरोबर सांगितलं. ओपन, म्हणजे कातडी फाटलेलं, फ्रॅक्चर गस्टिलो या जखमेच्या तीव्रतेच्या वर्गवारीनं दोन गटांत जातं. टाइप वन आणि टू एका गटात, थ्रीचे ए-बी-सी प्रकार दुसऱ्या गटात. क्लोज्ड आणि हे दोन, म्हणून प्रत्येक टप्प्याला तीन अक्षरं. सुरुवातीला ए, बी, सी. नीट भरतंय तर डी, ई, एफ. उशिरा भरतंय तर जी, एच, जे. जुळलंच नाही तर के, एम, एन. वाकडं जुळलं तर पी, क्यू, आर. शेवटी एस एकटा, सीक्वेलासाठी (मागे उरलेल्या त्रासासाठी). आय, एल आणि ओ वापरलेले नाहीत. हिपला ओपन फ्रॅक्चर क्वचितच दिसेल, पण लावताना चार्टमधला पहिला ऑपरेशन रिपोर्ट बघून घ्या. सहाव्या आठवड्याच्या नोटमध्ये ओपन की क्लोज्ड सहसा कुणी लिहीत नाही. कुठेच लिहिलं नसेल तर क्लोज्ड धरायचं. डिस्प्लेस्ड (हाड जागचं सरकलेलं) की नॉन-डिस्प्लेस्ड लिहिलं नसेल तर डिस्प्लेस्ड.

सबट्रोकँटेरिक (इंटरट्रोकँटेरिकच्याही खालचं) असेल तर सहाव्या जागेवर एक्स येतो, एस७२.२१एक्सडी. तो विसरलात तर कोड अपुरा आणि क्लेम परत.

जुना_ऑडिटर

एम८० कडे येतो.

तेराव्या चॅप्टरच्या गाइडलाइनचा आशय असा : ज्याला ऑस्टिओपोरोसिस असल्याचं माहीत आहे अशा पेशंटला फ्रॅक्चर झालं, आणि ज्या पडण्यानं किंवा किरकोळ माराने ते झालं त्यानं निरोगी हाड सहसा मोडलं नसतं, तर ट्रॉमॅटिक फ्रॅक्चरचा कोड न लावता एम८० लावायचा. पेशंट पडला एवढ्यावरून ट्रॉमॅटिक म्हणायचं नाही.

तुमच्या बाईंना ऑस्टिओपोरोसिस आहे, त्याची गोळी चालू आहे, आणि त्या पाय घसरून पडल्या. वाचल्यावर माझं मन एम८०.०५१डी कडेच जातं. पण माझं मन हा कोडिंगचा आधार नाही. 'निरोगी हाड मोडलं नसतं' हा वैद्यकीय निर्णय आहे आणि तो सर्जनचा. असेसमेंटमध्ये त्यांनी नुसतं 'हिप फ्रॅक्चर' लिहिलंय. मी इथे क्वेरी (डॉक्टरांना लेखी प्रश्न) टाकेन आणि उत्तर येईपर्यंत चार्ट होल्डवर ठेवेन.

घरपोच_कोडर

ऑडिटर सर, इथे माझं मत वेगळं आहे. गाइडलाइन 'लावावा' म्हणते. ऑस्टिओपोरोसिस डॉक्टरांनी नोंदवलेला आहे. उभ्या उंचीवरून पडणं डॉक्टरांनीच नोंदवलंय. उभ्या उंचीवरून किंवा त्याहून कमी उंचीवरून पडून झालेलं फ्रॅक्चर म्हणजे फ्रॅजिलिटी फ्रॅक्चर, ही सर्वमान्य व्याख्या आहे. मग प्रत्येक चार्टला क्वेरी कशाला? मी होम हेल्थचं (घरी दिल्या जाणाऱ्या उपचारांचं) कोडिंग करते. अशी निम्मी प्रकरणं क्वेरीत अडकली तर काम कसं पुढे सरकणार?

जुना_ऑडिटर

ताई, तुमची अडचण समजते. पण व्याख्या लागू करणं हेच निदान करणं होतं, आणि ते आपण करायचं नाही. उद्या पेअरनं (पैसे देणाऱ्या विमा कंपनीनं) विचारलं की ही बाई जिन्यावर दोन पायऱ्या वरून पडली की सपाट फरशीवर, तर नोटमध्ये त्याचं उत्तर आहे का? 'बाथरूममधून बाहेर येताना' एवढंच आहे. शिवाय अ‍ॅडमिशनला हॉस्पिटलनं एस७२.१४१ए लावला असेल आणि सहा आठवड्यांनी आपण एम८०.०५१डी लावला, तर एकाच हाडाची दोन कारणं रेकॉर्डवर जातात. प्रत्येक एन्काउंटर त्याच्या स्वतःच्या नोटवर कोड होतो हे खरं, पण अशी विसंगती दिसली की थांबावं. सर्जननं 'ऑस्टिओपोरोटिक' किंवा 'फ्रॅजिलिटी' हा शब्द एकदा लिहिला की मी डोळे झाकून एम८० लावतो.

आणि उलट चूक तितकीच वाईट. नुसता डेक्सा (हाडांची घनता मोजणाऱ्या) रिपोर्टमधला उणे २.५ खालचा टी-स्कोर बघून काही जण एम८० लावतात. टी-स्कोर हे डॉक्टरांनी लिहिलेलं निदान नाही.

पीए_ऑर्थो

मी अमेरिकेत एका ऑर्थो प्रॅक्टिसमध्ये पीए (फिजिशियन असिस्टंट) आहे, कोडर नाही. पलीकडच्या बाजूनं थोडं लिहितो, कदाचित उपयोग होईल.

सहा आठवड्यांच्या भेटीला आम्ही काय बघतो? जखम बघतो, मग हिप हलवून बघतो, पायाची लांबी बघतो, आणि सगळ्यात जास्त वेळ एक्स-रेवर घालवतो. इंटरट्रोकँटेरिकमध्ये मला लॅग स्क्रूचं टोक बघायचं असतं. ते फिमोरल हेडच्या (मांडीच्या हाडाच्या गोल डोक्याच्या) मध्यभागी आणि खोल बसलेलं असेल तर निर्धास्त. समोरून आणि बाजूनं अशा दोन्ही फिल्मवर टोकापासून हेडच्या शिखरापर्यंतचं अंतर मोजून बेरीज करतात. ती २५ मिलिमीटरच्या आत असावी, हा १९९५ पासून मानला जाणारा निकष आहे. जास्त असेल तर स्क्रू हेड फाडून वर येण्याचा धोका वाढतो. मागच्या फिल्मशी ताडून स्क्रू हलला नसेल आणि कॅलस असेल तर आम्ही 'प्रगती ठीक' लिहून मोकळे होतो. त्या दोन शब्दांमागे एवढं सगळं असतं, पण तुमच्यापर्यंत ते पोचत नाही, हे आता लक्षात येतंय.

फिमोरल नेकची गोष्ट वेगळी. तो भाग सांध्याच्या कॅप्सूलच्या आत असतो. हेडला रक्त मुख्यतः मीडियल सर्कमफ्लेक्स फिमोरल आर्टरीच्या शाखांमधून येतं आणि त्या नेकला चिकटून वर जातात. हाड सरकलं की त्या ताणल्या जातात किंवा तुटतात. म्हणून गार्डन वर्गवारीत तीन आणि चार, म्हणजे सरकलेलं फ्रॅक्चर, असेल तर वयस्कर पेशंटमध्ये बहुतेक वेळा सांधाच बदलतात. स्क्रू टाकले तर नॉनयुनियन आणि हेड मरणं, या दोन्हींवर महिनोन् महिने लक्ष ठेवावं लागतं. इंटरट्रोकँटेरिक भागाला रक्तपुरवठा भरपूर, तिथलं हाड सहसा जुळतं. तिथे अडचण येते ती इम्प्लांट सरकण्याची किंवा हाड आखडून जुळण्याची.

तुम्ही जी आणि के यांत अडता तेव्हा एवढं लक्षात ठेवा : आठवडे मोजून डिलेड किंवा नॉनयुनियन ठरत नाही. 'चार महिने झाले, रेष अजून दिसते' या वाक्यावरून जी लावू नका, आम्हाला विचारा.

चार्टवाली

पीए_ऑर्थो, मनापासून धन्यवाद. हे टीमला वाचून दाखवणार आहे. एक विचारू? स्क्रू खरंच हेडमधून वर आला, तर नोटमध्ये तुम्ही 'कट-आउट' लिहिता. त्याचं कोडिंग काय करायचं हे आम्हाला नीट माहीत नाही.

जुना_ऑडिटर

ते मी सांगतो. इम्प्लांट जागचं हललं तर फिमरच्या इंटर्नल फिक्सेशन डिव्हाइसचं डिस्प्लेसमेंट, उजव्याला टी८४.१२४, डाव्याला टी८४.१२५. तुटलं तर ब्रेकडाउन, टी८४.११४ आणि टी८४.११५. इथे एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण ऑडिटमध्ये यावर सर्वांत जास्त मार्क जातात. गुंतागुंतीच्या कोडचं सातवं कॅरेक्टर त्या गुंतागुंतीच्या उपचारावर ठरतं, मूळ दुखापतीवर नाही. स्क्रू हललाय, त्यावर आज निर्णय होतोय, तर टी८४.१२४ए. त्याच क्लेमवर फ्रॅक्चरचा कोड मात्र त्याच्या भरण्याच्या टप्प्याप्रमाणे, डी किंवा जी किंवा के. एकाच क्लेमवर ए आणि डी दोन्ही दिसले म्हणून घाबरायचं नाही.

तसंच रिप्लेसमेंटनंतर सांधा निखळला तर टी८४.०२०ए उजव्याला, टी८४.०२१ए डाव्याला. सांध्याला इन्फेक्शन झालं तर टी८४.५१एक्सए किंवा टी८४.५२एक्सए. आणि पेशंट पुन्हा पडून कृत्रिम सांध्याभोवतीचं हाड मोडलं, तर एम९७.०१एक्सए किंवा एम९७.०२एक्सए. हा एम९७ ऑक्टोबर २०१६ मध्ये आला. जुन्या चीट शीटमध्ये टी८४.०४ दिसला तर ती शीट फेकून द्या.

बिलिंगबुवा

निदानाचे कोड झाले, आता पैशांचं बोलू. निम्मे डिनायल (नाकारलेले क्लेम) तिथेच येतात.

हिप फ्रॅक्चरच्या ऑपरेशनला, म्हणजे सीपीटी या उपचारांच्या कोड-यादीतल्या २७२३५, २७२३६, २७२४४, २७२४५ या सगळ्यांना, नव्वद दिवसांचा ग्लोबल पीरियड आहे, म्हणजे त्या काळातली नेहमीची काळजी ऑपरेशनच्याच पैशांत येते. प्रत्यक्षात मोजायचे ९२ दिवस : ऑपरेशनच्या आदला दिवस, ऑपरेशनचा दिवस आणि नंतरचे ९०. ३ मार्चला ऑपरेशन झालं तर २ मार्च ते १ जून ग्लोबल. २ जूनची भेट वेगळी बिल होते. कॅलेंडरवर 'तीन महिने' मोजून ३ जून काढू नका.

या काळातली नेहमीची भेट ९९०२४ वर जाते, शून्य रकमेनं. ताईंच्या पहिल्या चार्टमध्ये पार्टनरनं पाहिलंय म्हणून टीममधलं कुणीतरी पैसे मिळणाऱ्या भेटीचा ९९२१३ लावायला निघेल. लावू नका. एकाच ग्रुपमधले एकाच स्पेशालिटीचे डॉक्टर मेडिकेअरच्या दृष्टीनं एकच डॉक्टर (मेडिकेअर म्हणजे अमेरिकेचा मुख्यतः वयस्करांसाठीचा सरकारी विमा). एक्स-रे मात्र ग्लोबलमध्ये येत नाही. त्या दिवशी हिपचे दोन-तीन व्ह्यू काढले असतील तर ७३५०२ वेगळा बिल करा. तो हमखास सुटतो.

ऑपरेशन केलंच नाही, पण फ्रॅक्चर केअर म्हणून २७२३० किंवा २७२३८ बिल केला, तरी नव्वद दिवस लागू होतात. हे अनेकांच्या गावीही नसतं.

नवशिकी_सीपीसी

बुवा, ग्लोबलमध्ये पेशंट जखमेतून पाणी येतंय म्हणून आला तर?

बिलिंगबुवा

पेअर कोण त्यावर आहे. मेडिकेअरचा नियम कडक : ऑपरेशन थिएटरमध्ये परत न्यावं लागलं नाही तर गुंतागुंतीचे उपचार ग्लोबलमध्येच. क्लिनिकमध्ये जखम साफ केली, अँटिबायोटिक दिलं, वेगळे पैसे नाहीत. थिएटरमध्ये नेलं तर मॉडिफायर (कोडला जोडायचा खुलासा) ७८. सीपीटीची स्वतःची व्याख्या ग्लोबलमध्ये फक्त नेहमीची पोस्ट-ऑप काळजी धरते, म्हणून काही खासगी पेअर क्लिनिकमधल्या गुंतागुंतीचेही पैसे देतात. करार वाचून ठरवा.

ग्लोबलमध्येच त्याच सर्जनकडे दुसऱ्याच तक्रारीसाठी आला, समजा खांदा दुखतोय, तर व्हिजिटला मॉडिफायर २४ आणि निदान खांद्याचं. तिथे हिपचा एस७२ पहिल्या क्रमांकावर टाकला तर क्लेम मार खाणारच.

आणि ९९०२४ ला पैसे नाहीत म्हणून तो टाकायचाच नाही, ही सवय सोडा. १ जुलै २०१७ पासून मेडिकेअरनं नऊ राज्यांत दहा किंवा जास्त प्रॅक्टिशनर असलेल्या ग्रुपना ठरावीक प्रोसिजरसाठी तो रिपोर्ट करणं सक्तीचं केलं. फ्लोरिडा, ओहायो, न्यू जर्सी त्यांत आहेत. ऑपरेशननंतर किती भेटी खरंच होतात हे त्यांना त्यातून मोजायचं आहे. आपण तो सोडला तर सर्जननं पेशंटला पाहिलंच नाही असं दिसतं.

घरपोच_कोडर

होम हेल्थवाल्यांसाठी एक भर. फेस-टू-फेस (प्रत्यक्ष भेटीच्या) नोटमध्ये डॉक्टर 'अशक्तपणा, चालताना तोल जातो' लिहितात आणि नवीन कोडर पहिलं निदान एम६२.८१ (स्नायूंचा अशक्तपणा) लावतात. १ जानेवारी २०२० पासून पीडीजीएम ही होम हेल्थच्या पैशांची मेडिकेअरची पद्धत लागू झाल्यावर एम६२.८१ प्राथमिक निदान म्हणून चालत नाही, क्लेम परत येतो. पेशंट घरी थेरपी का घेतोय? हिप मोडलंय म्हणून. तर एस७२ किंवा एम८० डी सह पहिला, मग कृत्रिम सांधा असेल तर झेड९६.६४, मग बाकीचं. फिजिओथेरपिस्ट सांध्याची ताकद मोजतो म्हणून निदान अशक्तपणा होत नाही.

ऑडिटर सर, क्वेरीचं तुमचं म्हणणं पटलं. पण क्वेरी कशी लिहावी ते दाखवाल का? आमच्याकडच्या क्वेरीला 'हो' किंवा 'नाही' एवढंच उत्तर येतं.

जुना_ऑडिटर

कारण प्रश्न तसा विचारला जातो. 'हे ऑस्टिओपोरोटिक फ्रॅक्चर आहे ना?' असं विचारलं की डॉक्टर घाईत हो म्हणतो, आणि ऑडिटमध्ये ती क्वेरी टिकत नाही, कारण आपण उत्तर सुचवलंय. चार्टवाली ताईंच्या चार्टसाठी मी साधारण असं लिहीन :

'६ आठवड्यांच्या नोटमध्ये उजव्या हिप फ्रॅक्चरची नेलिंगनंतरची तपासणी नोंदवली आहे. प्रॉब्लेम लिस्टमध्ये ऑस्टिओपोरोसिस असून अलेंड्रोनेट चालू आहे. दुखापतीची नोंद : बाथरूममधून बाहेर येताना पाय घसरून पडणे. आपल्या वैद्यकीय मतानुसार फ्रॅक्चरचं स्वरूप कृपया नोंदवावं : ट्रॉमॅटिक फ्रॅक्चर, वयोमानानुसार ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेलं पॅथॉलॉजिकल फ्रॅक्चर, अन्य कारणामुळे झालेलं पॅथॉलॉजिकल फ्रॅक्चर, कारण लिहावं, अन्य, ठरवता येत नाही. तसंच हाड भरून येण्याची सद्यस्थिती नोंदवावी.'

पुरावे चार्टमधले, पर्याय सगळे खरे शक्य असलेले, पैशांचा किंवा कोडचा उल्लेख कुठेही नाही. 'अन्य कारण' हा पर्याय मुद्दाम ठेवलाय. पेशंट वर्षानुवर्षं स्टेरॉइडवर असेल तर एम८०.०५ न येता एम८०.८५ येईल. कॅन्सर पसरून हाड मोडलं असेल तर एम८४.५५. आणि बिस्फॉस्फोनेट (अलेंड्रोनेटच्या गटातली औषधं) बरीच वर्षं घेणाऱ्यांत सबट्रोकँटेरिक भागात आडवं मोडणारं अ‍ॅटिपिकल फ्रॅक्चर होतं, त्याला एम८४.७५ हा वेगळा गट आहे. ताईंच्या बाई अलेंड्रोनेटवर आहेत. फ्रॅक्चर इंटरट्रोकँटेरिक लिहिलंय म्हणून इथे तो प्रश्न नाही, पण सबट्रोकँटेरिक असतं तर मी एक्स-रे रिपोर्ट नक्की उघडून बघितला असता.

पीए_ऑर्थो

अशी क्वेरी आली तर मी अर्ध्या मिनिटात उत्तर देईन. आणि खरं सांगतो, हा प्रश्न पेशंटच्याही कामाचा आहे. 'ऑस्टिओपोरोटिक फ्रॅक्चर' असं नोंदवलं गेलं की फॅमिली फिजिशियनला कळतं की हाडांवर उपचार चालू असतानाही फ्रॅक्चर झालंय, औषध बदलायची वेळ आली असू शकते. दुसरं हिप वाचवायचं असेल तर ती नोंद लागतेच. नुसतं 'हिप फ्रॅक्चर' लिहिलं की तो धागा तिथेच तुटतो.

नवशिकी_सीपीसी

शेवटचे दोन प्रश्न. दोन वर्षांपूर्वी फिमोरल नेक जुळलेलं, आता हेडला एव्हीएन (रक्तपुरवठा तुटून हेड मरणं). आणि दुसरा : 'हिस्टरी ऑफ हिप फ्रॅक्चर' लिहिलं की झेड८७.८१ (जुन्या फ्रॅक्चरच्या इतिहासाचा कोड) लावायचा का?

जुना_ऑडिटर

पहिल्यात दोन कोड. डॉक्टरांनी आधीच्या फ्रॅक्चरशी संबंध लिहिला असेल तर आधी आजचा त्रास, उजव्या फिमरला एम८७.२५१, मग मूळ दुखापत एस सह, एस७२.००१एस. एस दुखापतीच्या कोडला लागतो, त्रासाच्या कोडला नाही. फ्रॅक्चरनंतरचा संधिवात असेल तर हाच क्रम, उजव्या हिपला एम१६.५१ आधी.

दुसऱ्यात तारीख बघा. 'हिस्टरी ऑफ हिप फ्रॅक्चर, सहा आठवड्यांपूर्वी नेलिंग' असं लिहिलं असेल तर ते अजून भरतंय, डी. झेड८७.८१ हाड पूर्ण जुळून उपचार संपल्यावर. ऑस्टिओपोरोसिसचं जुनं, जुळलेलं फ्रॅक्चर असेल तर झेड८७.३१० आणि सोबत एम८१.०. एम८१ (फ्रॅक्चर नसलेला ऑस्टिओपोरोसिस) आणि चालू एम८० एकत्र येत नाहीत.

चार्टवाली

सगळ्यांचे आभार. पहिल्या चार्टला ऑडिटर सरांच्या नमुन्याप्रमाणे क्वेरी टाकली आहे, व्हिजिट ९९०२४ आणि एक्स-रे ७३५०२. दुसऱ्याला एस७२.००२डी आणि झेड९६.६४२. तिसरा के.

दुसऱ्या चार्टला शिडीवरून पडण्याचा डब्ल्यू११ लावायचा का फॉलो-अपला? आणि पडल्याच्या जागेचा वाय९२?

बिलिंगबुवा

पेअर किंवा राज्याची सक्ती नसेल तर एक्स्टर्नल कॉज (दुखापत कशानं झाली तो कोड) ऐच्छिक आहे. लावणार असाल तर डब्ल्यू११.एक्सएक्सएक्सडी, दुखापतीसारखाच डी. वाय९२ फॉलो-अपला लावायचा नाही, जागेचा कोड पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच जातो. तेव्हा काय करत होते त्याच्या वाय९३ चंही तसंच.